पाण्याआधीची हवा

रात्री अडीचला मी निघतो.
खांद्यावर लोखंडी चावी, जवळजवळ माझ्याच उंचीची.
सायकल हातात धरून चालतो,
कारण तिची साखळी कुरकुरते
आणि काद्राबादच्या या गल्लीत एवढासा आवाजही
पार दुसऱ्या टोकाला जातो.

आज दहावा दिवस.
दारोदार ड्रम, घागरी, रंगाचे रिकामे डबे
तोंड वर करून बसलेले.
माणसं आत.

दिवसा इथं पाय ठेवायला जागा नसते म्हणतात.
दिवसा मी झोपलेला असतो.
माझं जालना हे असं:
शटरं, कुलपं, रसवंतीच्या चाकाला गुंडाळलेलं गोणपाट,
लांब लोखंडाच्या भट्ट्यांचा तांबूस उजेड
आणि त्याला पहाट समजून
रोज फसणारा एक कोंबडा.

हे काम हनीफचाचांनी शिकवलं.
कुठल्या वॉल्व्हला किती आटे:
इथं सोळा, मस्तगडाकडं एकोणीस.
रिटायर होताना म्हणाले,
"पहले हवा आती बेटा, पानी बाद में.
हवा कू सुनना."
मला वाटलं, म्हातारा उगं काहीतरी बोलतोय.

चौकात खड्ड्याचं झाकण सरकवतो.
खाली अंधार, ओल, नेहमीचा बेडूक.
चावी बसते.
आणि मी थांबतो.

वेळापत्रकात तीन लिहिलंय.
मी रोज तीन-पाच करतो.
त्या पाच मिनिटांत काही म्हणता काही होत नाही
आणि ते सगळं मी ऐकतो.
ड्रमात ड्रमाएवढी शांतता, घागरीत घागरीएवढी.
कुणाचं तरी लेकरू झोपेत काहीतरी मागतं,
मग विसरतं.

एकदाच ओट्यावरून आवाज आला होता,
वत्सलाबाई टाकसाळेंचा.
"कामून थांबलास रे?"
प्रेशर बघतोय, म्हणालो.
"बघ," म्हणाल्या,
आणि त्याही बसून राहिल्या, पदर सावरून,
काहीच न बघता.

मग सोळा आटे.
आधी नळ खोकतात.
घराघरातून हवा सुटते, सूं करत,
दहा दिवस पाइपात कोंडलेली
गल्लीचीच जणू झोप.
एक दिवा. दुसरा.
कडी, बादली, "आलं गं, आलं!"
आणि लगेच कुणाची तरी कुणाला शिवी.

मी सायकल वळवतो.
आता साखळी कितीही कुरकुरली तरी चालतंय.

पुढच्या चौकात
अजून कुणी उठलेलं नाही.