रुमालाखाली

मार्केट यार्ड, सांगली. रात्री बाराला
सर्टिफिकेट संपलं, तारीख मीच विसरले.
सकाळी सर्व्हर कुणालाच आत घेईना.
राजापुरी हळदीचे ढीग दारातच,
सौदा अकरापर्यंत खोळंबला.

नवं चढवलं. रांग सरकली.
बाळगोंडा मगदूमांपाशी पुन्हा अडली.
अंगठा टेकवला: ओळख पटली नाही.
धोतराला पुसून टेकवला: नाही.
चाळीस वर्षं हळकुंडं चोळून
रेषाच झिजल्यात,
हे यंत्राला कोण सांगणार?

थांबा म्हटलं, कोड पाठवते.
तेवढ्यात विचारलं त्यांनी,
आत नेमकं चालतं तरी काय?

दोन मशिनी आधी हात मिळवतात, काका,
भर बाजारात, सगळ्यांदेखत,
आणि ठरलेला आकडा
त्या दोघींनाच कळतो.

"मग आम्ही काय करत हुतो?"

खांद्यावरचा रुमाल त्यांनी
माझ्या हातावर टाकला.
आत खरखरीत, गरम बोटं:
एक धरलं, सोडलं. मग तीन.
मग तळव्यावर टिचकी.
वर चेहरा कोरा, नजर काट्याकडे.

"कळलं?"
"नाही."
"मग बरोबर चाललंय की."

कोड आला, वाचून दाखवला मीच,
त्यांना चष्म्याशिवाय दिसेना.
मोठ्यानं. अख्ख्या रांगेनं ऐकला.

संध्याकाळी दिवा मालवताना
कीबोर्डकडे लक्ष गेलं.
सात कळा पिवळ्या,
बाकीच्या स्वच्छ.
माझा पासवर्ड उघड्यावर पडलेला,
क्रम तेवढा झाकलेला.