खळी

चौथीत बाईंनी विचारलं, खळी म्हणजे काय?
मी हात वर करून सांगितलं,
मैदा, पाणी आणि चिमूटभर मोरचूद.
वर्ग हसला.
गज्जम हसला, बिटला हसली,
ज्यांच्या घरी तेच पातेलं त्याच चुलीवर
पहाटेपासून रटरटायचं.

बाई म्हणाल्या, अगं, ती खळ.
खळीत, खळीने, खळीचा, हे तिचं सामान्यरूप.
नुसती खळी गालावर असते.

आमच्या भद्रावती पेठेत
नुसतं काहीच नसायचं.
सूत खळीत बुडायचं, उन्हात ताठ व्हायचं,
गल्लीभर ताणलेला ताणा,
खालून वाकून जायचं दूध आणायला.

अम्माच्या डाव्या गालावर होती. एकच.
उजवा गाल सपाट.
तिला विचारलं, हे काय गं?
सोट्टा, म्हणाली.
सोट्टा तर आमच्या डेचकीलाही होता,
नळावरच्या भांडणात पडलेला.
शेजारच्या गंगव्वा म्हणाल्या, गुळी.
गुळी तर गोट्यांसाठी
पोरं टाचेने करायची, मारुतीच्या पारापाशी.
मी वहीत तिन्ही लिहिले.
बाईंनी दोन खोडले.

आता मी वाचनालयात पुस्तकांच्या पाठीला
नंबरांच्या चिठ्ठ्या चिकटवते.
कोश उघडला एका दुपारी, कोणी नसताना.
खळ, चिकट लगदा. खळ, दुष्ट माणूस.
खळं, जिथे धान्य मळतात.
खळी, लहान खळगा.
एका पानावर चौघं, एका चाळीत असल्यासारखी,
आडनावं वेगळी, गावं वेगळी,
पाणी भरायला नळ एकच.

त्या रात्री लाइट गेली होती.
अम्मा आपणहून बोलली.
सतरा वर्षांची होते. रात्रपाळी.
शेजारच्या मागावरचा धोटा उडाला.
बोटभर वर असता तर डोळा होता.
मुकादमाने हळद दाबली, म्हणाला,
चल, दोरे तुटलेत, जोड.

मग तुझ्या बापाकडची माणसं बघायला आली.
मध्यस्थ होता कासेगावचा, मराठी बोलणारा.
म्हणाला, पोरीला खळी आहे, बघा, हसली की पडते.
मी हसले.
तेलुगूत विचारलं असतं
तर खरं सांगावं लागलं असतं.

एवढंच. मग लाइट आली,
पंखा लागला, तिने कूस बदलली.

हल्लीच्या मागांना धोटाच नसतो म्हणतात.
मी कामावरून येते, ती दारात बसलेली,
निवडलेल्या तुरीचं सूप मांडीवर.
मी न बोलता तिच्या गालात बोट ठेवते.
नखाएवढं आत जातं.
खळीत.
बाई, आता हे कुठल्या शब्दाचं सामान्यरूप?

अम्मा मान झटकते.
हात धू आधी, म्हणते,
बोटाला खळ आहे तुझ्या.