उरलेली सप्तमी

पुस्तक आलं तेव्हा त्याला पाठ नव्हती.
मिशनच्या जुन्या शाळेचं कपाट रिकामं करताना
सायमन रणभिसेनं ते पिशवीत घातलं,
म्हणाला, म्याकलमामा, जमलं तर शिवा,
नाहीतर वजनात घाला.

मी साखर पेठेतला बाइंडर.
बाप सुताला खळ द्यायचा, मी कागदाला देतो.
खळ तीच,
चिमूटभर मोरचूद जास्त, कसर लागू नये म्हणून.

लॅटिन मला येत नाही.
पण एक पान सुटून मांडीवर पडलं
आणि ओळख पटली:
एकच शब्द उभ्या रांगेत
शेपूट बदलत खाली उतरतो.
अरे, ही तर आमची स-ला-ते!

समासात शिसपेन्सिलीनं मोडी.
ती वाचायला हिरेमठ अण्णांना बोलावलं,
तलाठी होते, सातबारा सोडून काही वाचायला मिळालं
म्हणून चहासुद्धा विसरले.
पोराचं नाव केरू दाजी उबाळे.
छापील वाक्य: खलाशी राणीला गुलाब देतो.
खाली केरू: ‘खलाशी म्हणजे काय, मास्तरांस पुसणे.
आपले तळ्यात नाही.’

प्रस्तावना इंग्रजीत होती, तीही अण्णांनी सांगितली.
म्हणे रोममध्ये व्याकरण चिमूटभर पुरायचं.
नाम म्हणजे काय, क्रियापद म्हणजे काय,
मास्तर विचारी, पोरं घोकलेलं उत्तर देत;
भाषा तोंडात आधीच होती.
मग ती समुद्रापलीकडे गेली, थंड बेटांवर,
जिथं कुणाची आई त्या भाषेत रागवत नव्हती.
तिथल्या साधूंनी तक्ते भरले,
एकूण एक रूप, एकही खाना रिकामा न ठेवता.
व्याकरणाचं चित्र काढायचे ते बाईचं,
हातात छडी.

छडी म्हटल्यावर मला आगवणेबाई आठवल्या.
‘माझा बहीण आला’ म्हणालो होतो,
दुसरीत, सगळ्या वर्गासमोर.
घरी तेलुगू, गल्लीत कानडी,
आणि पाटी मराठी.
ज्यांच्या बहिणी आपोआप यायच्या
त्यांना तक्ता लागला नाही.
मला लागला. बापाच्या मागाखाली बसून पाठ केला,
प्रथमा, खट्,
द्वितीया, खट्,
धोटा फिरला की विभक्ती फिरायची.
पंचमीला नेमका धागा तुटायचा
आणि बाप माझ्याकडे बघायचा.

केरूच्या तक्त्यात सहाच खाने.
शेवटच्या खाली त्यानं लिहिलंय:
‘सप्तमी नाही? मग हे लोक राहतात कोठे?’

अण्णा हसले. मला हसू आलं नाही.

चाळीस पानं पुढे, बारीक टायपात, अपवादांच्या गर्दीत
ती सापडते.
सगळ्या शब्दांवरून उडाली,
मोजक्यांना चिकटून राहिली:
घरी, रानी, रणी
आणि गावांच्या नावांना.
केरूनं दोनदा रेघ ओढलीय. पेन्सिल मोडली असावी,
कारण पुढचं शाईत आहे:
‘घरी. रानी. रणी. सोलापुरी.’

अम्मा दिवे लागणीला हाक मारायची,
इंट्लो रा, घरात ये.
तेव्हा कळलं नव्हतं की
त्या ‘लो’मध्येही हीच बसलीय,
पाय पोटाशी घेऊन.

शिवण घातली, पाठ चढवली, कापड डकवलं,
चादरीच्या कारखान्यातलं उरलेलं, किरमिजी.
राहिली कटिंग.
यंत्राखाली ठेवलं, दांडा धरला.
एक सूत कापलं तरी कडा सरळ होतात,
पण तेवढ्यात केरूचं ‘पुरी’ जातं,
आणि खलाशी, आणि तळं.

सायमन न्यायला आला तर बोटानं कड चाचपून म्हणाला,
मामा, वाकडंतिकडं राहिलं की.
म्हटलं, राहू दे.
कटिंगचे पैसे धरले नाहीत.