सोळावी भाजी

पाचशेच्या वर बिल झालं की एक पाकीट.
पाकिटात एक स्टिकर, स्टिकरवर एक भाजी.
सोळा भाज्यांनी कार्ड भरलं
की पाच लिटरचा कुकर फुकट.
कोपरखैरण्याच्या बचतबाग स्टोअरमध्ये
बिलिंगवरच्या पल्लवीनं हे सांगितलं
माझे सुटे पैसे मोजता मोजता.

मी म्हटलं, असली पोरखेळं आपल्याला नकोत.
दुसऱ्या दिवशी परत गेलो.

चारशे नव्वद झाले तर वर काडेपेट्यांचं पुडकं.
हजार झाले तर बिलं दोन करायची,
मधे उगाच रांगेतून बाहेर येऊन पुन्हा शेवटी उभं राहायचं.
हौसा म्हणाली, दोन माणसांना सात किलो गूळ?
म्हैस व्यालीय का कुणाची?

दोन महिन्यांत भेंडी दोनदा, गाजर तीनदा,
ब्रोकोली पाच वेळा.
ब्रोकोलीची माझ्या पाठीला ओळख नाही,
ती आमच्या गाळ्यात कधी उतरली नाही.
पंधरा घरं भरली.
राहिलं ते कांद्याचं.

कांद्याचं!
बत्तीस वर्षं तुर्भ्याच्या मार्केटात
मी दुसरं काय उचललं?
लासलगावचा, चाकणचा,
ट्रकातच मोड फुटलेला, पाणी सुटलेला.
मानेवर गोण्यांनी पाडलेली घडी आहे अजून,
न्हावी तिथे वस्तरा जरा सावकाश नेतो.
आणि नखाएवढा कागदी कांदा
मिळेना.

संध्याकाळी बागेत आमचा बाजार भरायचा.
कुट्टीबाईंकडे वांगी जादा, त्यांना मुळा हवा.
दुर्वे सरांची ढोबळी मिरची दोन मटारांना.
मी सवयीनं हातावर रुमाल टाकला,
खालून सरांची बोटं धरली, भाव सांगितला.
सर दचकले, हात पुसून घेतला.
कांदा मात्र कुणाकडेच नव्हता.
छापलाच नसेल हो, सर म्हणाले, सगळी लबाडी.
मी म्हटलं, छापलाय.
कुणीतरी दाबून बसलंय, तेजीची वाट बघत.

बसली होती नजमाची सना, दुसरीतली.
पाण्याच्या बाटलीवर चिकटवलेला,
धुऊन धुऊन एक कोपरा उडालेला,
पण कांदाच, लाल, पातीसकट.

पाच ब्रोकोली देतो.
ई.
वर तीन गाजरं.
तिनं बाटली पाठीमागे लपवली
आणि विचार करून म्हणाली,
फाटकापर्यंत पाठीवर.

बसली. अठरा किलो, फार तर साडेअठरा.
वरून नजमा ओरडत होती, काका, कंबर! काका, ऑपरेशन!
मी दोन चकरा मारल्या.
एक ठरल्याप्रमाणे, एक मापात पाप नको म्हणून.

रात्री हौसानंच बाटली चहाच्या वाफेवर धरली,
सुरीच्या टोकानं कांदा सोलावा तसा सोडवला.
डोळ्यांत पाणी आलं तिच्या.
वाफेनं, म्हणाली.

मॅनेजरनं टाय सरळ करून फोटो काढला.
कार्डाला पंच मारला, नेमका मुळ्यावर.
टाळ्या पल्लवीनं वाजवल्या
आणि एका माणसानं, ज्याला पुढे सरकायचं होतं.
खोकं ट्रॉलीत ठेवत एक पोरगा म्हणाला,
आजोबा, जड आहे, घरपोच देऊ का?

मला हसू आवरेना.
त्याला वाटलं कुकरचा आनंद.

टॉवेलाची चुंबळ केली,
खोकं मानेवर त्याच घडीत बसवलं
आणि निघालो. सिग्नलला रिक्षावाला थांबला,
मी हात केला, जा बाबा.
वाटेत एवढंच मनात येत होतं
की माल माझा, गाळा माझा,
मग आज वाराई मागायची कुणाकडे?

दार हौसानं उघडलं.
हात कमरेवर, नजर खोक्यावर.
उतरवा आता, म्हणाली.

मी उंबऱ्यातच उभा.
थप्पी कुठे लावायची, शेठाणी?