कितव्या दिवसाचं

वरोऱ्याची एसटी फाट्यावर सोडते,
पुढे दोन कोस तुरीच्या धुऱ्याधुऱ्यानं.
लाल मातीच्या उघड्या टेकाडावर
मी गुडघ्यांवर: ब्रश, सुतळी, नंबरांच्या चिठ्ठ्या.
आणि बिसन नेहारे, काठीवर हनुवटी,
गावच्या सगळ्या गुरांसकट माझ्याकडे बघत.

तिसऱ्या दिवशी त्यानं विचारलं,
"काय येचता जी?"
मी तळहातावर ठेवला राखी, पीळदार दगड.
त्यानं नखानं खरवडला, सवयीनं नाकाशी नेला,
हसला. "हे त शेण होय."
मला हे कळायला एक सेमिस्टर लागलं होतं.

त्याचं घड्याळच ते.
वाफ निघतेय, म्हणजे गाय नाल्यापलीकडेच.
साय धरली, सकाळचं.
किड्यांनी पोखरलं, मागल्या बाजाराचं.
उचलल्यावर खाली वाळवी, दसऱ्याच्या आधीचं.
हरवलेली कालवड त्यानं अशीच शोधली होती:
मोह खाऊन गेली, म्हणजे चिमूरच्या वाटेनं गेली.

"मंग हे कितव्या दिवसाचं?"

मी विहिरीकडे बोट केलं.
वर काळी, मग मुरूम,
मग सुरुंगाशिवाय न फुटलेला तो दगड,
जो एकदा पेटता वाहत आला.
हे त्याच्याही खालचं.
सहा कोटी सत्तर लाख वर्षं, म्हणाले.
आकडा मलाही नुसता पाठ आहे.

तो गुरांकडे बघत राहिला. मग म्हणाला,
"खाल्लं काय होतं त्यानं?"

नागपुरात आम्ल, चाळणी, काचपट्टी.
भिंगाखाली डमरू. असंख्य.
गवताच्या पात्यात असतात तसे, गारेचे, इवले.
जनावर गेलं, त्याचं कातडं, हंबरणं,
हंबरत होतं की नाही तेही गेलं;
चावलेलं गवत तेवढं उरलं.
काही डमरू भाताच्या भावकीतले.
माझ्या जुन्या पुस्तकात गवत फार उशिरा उगवतं.
त्या ओळीवर मी पेन्सिलीनं काट मारली,
पेन्सिलीनंच.

संक्रांतीआधी फोटो घेऊन गेले.
बिसननं तो उन्हात धरला, आडवा, मग उभा.
"कोणतं गवत? कुंदा? मारवेल? पवना?"
त्याला नाव नाही, मी म्हटलं,
आम्ही ठेवलेलं एक आहे, लांबलचक.
"खाल्लं म्हंजे नाव असनच,"
असं म्हणून त्यानं फोटो टोपीत खोचला
आणि तुरीत घुसलेल्या चांद्रीमागे
शिव्या देत धावला.