लुगड्यासकट ब्याऐंशी पौंड

होटगी रोडच्या पत्र्याच्या शेडमध्ये
मी तेव्हा वजनकाट्यावर होतो.
आधी पेट्या, मग माणसं,
दोन्हींची नोंद एकाच वहीत.
शेटलोक काट्यावर चढताना
कोट काढून माझ्या हातात देत,
पोट आत घेत,
जणू काट्याला फसवता येतं.

त्या आठवड्यात भीमेच्या पुलाजवळ रूळ खचले,
मुंबईची गाडी बंद.
आणि सकाळी सातचा भोंगा होऊन गेल्यावर
पोचव्वा येमूल आली.
गिरणीत, रिळिंग खात्यात, एकवीस वर्षं.
उद्या मुंबईत मजुरीच्या चौकशीपुढं तिची साक्ष.
टेबलावर तिनं उशीचा अभ्रा उपडा केला:
आणे, चवल्या, पावल्या.
"मोजा. सगळ्या खात्यानं घातलंय."
मोजायला पाऊण तास लागला.
तीन आणे कमी भरले.
ते कुणी घातले, मी सांगणार नाही.

मग काट्यावर चढली. चपला नव्हत्याच.
काटा थरथरला, थांबला.
ब्याऐंशी पौंड.
"लुगड्यासकट?"
लुगड्यासकट, म्हटलं. भाकरीच्या फडक्यासकट.
तिच्यामागं सूतवाले मंगळचंद शेट:
दोनशे सहा.
तिनं समोरून माझी वही उलटी वाचली.
अक्षर येत नव्हतं, आकडे येत होते.
"ह्यांचं तिकीट किती ओ?"
तेवढंच, बाई.
"आमाला मजुरी पौंडावर.
सूत ओलं असलं तर कापून घेतात,
वाळलं तर कमी भरलं म्हणतात.
मग हितं का नाही पौंडावर?"
शेट हसले. मग हसायचे थांबले.
मी नियमांचा कागद काढला, वाचला,
परत ठेवला.

पुढचं मी पाहिलेलं नाही.
एवढी माणसं वर पाठवली,
स्वतः कधी उडलो नाही.
विमानात कापूस वाटणारा पोरगा होता, आल्मेडा,
परतल्यावर बशीत चहा ओतून
तो सांगत होता.

कापूस कानांत घालायला.
डकोटाचा आवाज लोकांना सोसायचा नाही.
शेटनी दोन्ही कानांत कोंबला, डोळे मिटले.
पोचव्वानं उजेडाला धरला,
चिमटीत ओढून पाहिला.
"आखूड हाय. कवडी पण राहिलीय एक."
आवाजाचं तिला काही नव्हतं.
तिचे कान केव्हाच खात्यात राहिले होते.
मग मांडीवर, तळव्यानं,
पीळ देत बसली.

खिडकीतून एकदाच वाकली म्हणे.
चिमण्या दिसल्या, धूर दिसला.
कंबर तलाव दिसला,
थाळीत उरलेल्या ताकासारखा.
घर शोधत राहिली, सापडलं नाही.
"भोंगा झाला असंल का," म्हणाली,
कुणालाच नाही.
आल्मेडानं तरीही घड्याळ पाहिलं.

साक्षीच्या पेपरात दोन ओळी आल्या,
त्यात तिचं नाव चुकलं होतं.
तोवर रूळ बसले होते, ती रेल्वेनं परतली.
एकदा गिरणीच्या फाटकाशी थांबलो मी,
पाळी सुटायच्या वेळेला.
बायका बाहेर आल्या, केसांवर सूत,
सगळ्यांच्याच.
कुठल्या चेहऱ्याला ओळख विचारू?

सीटच्या दांडीला धागा गुंडाळून गेली होती ती,
दीड हात असेल.
आल्मेडानं तो मला आणून दिला.
का, ते त्यालाही सांगता आलं नाही.

खणात राहिला काही दिवस,
टाचण्या, शिक्के, पेन्सिलींच्या तुकड्यांत.
मग एका सोमवारी लेबलांचा दोरा संपला.
बाहेर पंखे फिरायला लागलेले
आणि एक पेटी उरलेली,
जड, पितळी कड्यांची.
धागा दुहेरी केला, गाठ मारली.
आखूड कापूस. भरवसा नव्हता मला.

तिसऱ्या दिवशी मुंबईहून पोच आली:
पेटी मिळाली. लेबल होतं.