राखाडी चौकटी

तौफिक शिकलगारनं टाकून दिला हा ब्राउझर.
फेटलिंगला असतो तो, वय एकोणीस.
"मामा, तुमचा फोन म्हातारा. मोठं ॲप उचलायचं न्हाई त्याला.
ह्यो बघा, दोन एमबीचा. चित्रं बंद. नुसतं वाचा."

तेव्हापासून माझं जग नुसतं वाचायचं.
शिरोलीला शेडमागं, कोळशाच्या पोत्यांपाशी,
नेटवर्कची एकच काडी उभी राहते,
तीपण ट्रक आडवा आला की पडते.
चहाच्या सुट्टीत तिथं उभा राहून बघतो
गुळाचे सौदे, राधानगरीचे दरवाजे,
कुठल्या तालमीच्या पोरानं कुणाला लोळवलं.
मजकूर आधी येतो, धडाधड.
चित्राच्या जागी राखाडी चौकट.

तळाला एक ओळ:
या पानावर एक्क्याऐंशी टक्के डेटा वाचला.
वाचला, मग गेला कुठं?
कुठल्या पतसंस्थेत जमा होतो,
पासबुक कुणाकडं मागायचं?
तौफिक नुसता हसतो.

चौकटींचं मला काही वाटत नाही.
सत्तावीस वर्षं पोकळीच बनवतोय मी.
वाळू ठोकायची, पॅटर्न अलगद उपसायचा,
खाली उरतो पंपाच्या आकाराचा खड्डा.
भट्टीतला रस येईस्तोवर
तो नसलेला पंप मला पाठ असतो,
कडेकडेनं, बोल्टच्या भोकांसकट.

काल वैजयंतानं लिंक धाडली, मिरजेहून.
नर्सिंग कॉलेजचं पान.
वर नाव, मग तारीख, मग चौकट,
आणि खाली बारीक अक्षरात:
मागच्या रांगेत, डावीकडून तिसरी.

डावीकडून तिसरी कुठं येईल
ते बोटानं मोजलं.
काच तडकलीय नेमकी तिथंच.
'चित्र दाखवा, ६४० केबी',
विचारत होतं सारखं.
पॅक संपायला दोन दिवस, रिचार्जला चार.
दाबलं.

वरनं उतरायला लागलं, पट्टीपट्टीनं.
छत. ट्यूबलाइट. बॅनरची झालर.
मग मागच्या रांगेचे केस,
दहा-बारा भांग, तेल लावून चापून बसवलेले,
मग कपाळं सुरू होणार
तेवढ्यात ट्रक आला.

आमच्यात ह्याला कोल्ड म्हणतात.
रस वाटेतच गार पडला, साचा अर्धाच भरला.
असला माल वजन करून परत भट्टीत.

भोंगा झाला.
तौफिक म्हणाला, "रिफ्रेश मारा की, मामा."
नको म्हटलं.
पान तसंच उघडं ठेवून फोन खिशात टाकला.

तिची आई सकाळच्या शिफ्टला जायची, सूतगिरणीत,
तेव्हा वेण्या माझ्याकडं.
पहिली ते सातवी.
ह्या वाळूच्या हातांनी भांग कधी सरळ पडलाच नाही.

डावीकडून तिसरा
अजून जरा वाकडाच आहे.